रोज्यातली सबुरी

दुपारच्या नमाजेनंतर रिदा धावत पाटाच्या खालच्या दाराशी आला, तेव्हा पाटकरी तिजानीनं पुस्तक मिटलं, पण बोट पानातच ठेवलं. जणू बातमी लहानशी असेल आणि लगेच पुढं वाचता येईल.

“मूल आडवं आहे,” जावई म्हणाला. “लल्ला हनिया म्हणते, हे सुइणीच्या हातचं काम नाही.”

“डॉक्टर?”

“शहरातून निघालीय. आत्ता निघालीय. मिठाच्या मैदानाला वळसा घालून यायचं म्हणजे…” रिदानं आवंढा गिळायचा प्रयत्न केला. जूनमधल्या रोज्यात दुपारनंतर तोंडात थुंकी उरत नाही. “हनिया म्हणते, गाडी येईल. पण वसीला तोवर दम धरेल याची खात्री नाही.”

तिजानीनं पानातलं बोट काढून घेतलं. वसीला त्याची एकुलती एक मुलगी.

“सबुरी मागतो मी,” रिदा म्हणाला. “माझ्या घरासाठी.”

“रमजान आहे, पोरा.”

“रमजान आहे हे मला ठाऊक आहे.”

आमच्या ऐन सुलैम गावात वेळ पाण्यासारखी वाटून घेतात. डोंगराच्या पोटातून एक पाट येतो. त्यात ओल नसते, खळखळ नसते, पण हात घालून ठेवला तर नखं वाढतात. प्रत्येक मोहल्ल्याच्या डोक्यावर हा पाट खजुरीच्या एका आडव्या ओंडक्यावरून पडतो; त्यालाच दार म्हणतात. ओंडक्याला घराघराच्या खाचा पाडलेल्या आहेत. एखाद्या घरात जीव अडकला, की ते घर सबुरी मागतं. मग पाटकरी त्या खाचेत काथ्याचा बोळा बसवतो. त्या घराची वेळ मंद होते, आणि अडलेली वेळ बाकीच्यांच्या खाचांतून जोरानं वाहू लागते. शहरातून येणारे लोक पाट सांभाळणाऱ्या या जमातीला इंजिनियर म्हणतात. आम्ही पाटकरी म्हणतो. त्यांच्या हातामुळं आमच्या आज्यांनी लेकाची वाट पाहत प्राण रोखून धरलेत, आणि बाहेरगावचा वैद्य उंबऱ्यात येईपर्यंत विंचवाचं विष पायातच थांबलंय.

सूर्य मात्र कुठल्याच खाचेतून येत नाही. म्हणून ज्यांची वेळ जोरानं वाहते त्यांचा दिवस लांबतो. माणूस दळतो, रांधतो, झोपून उठतो, आणि सावली जिथल्या तिथं. एरवी कुणाची तक्रार नसते. विणकर म्हणतो, एक चादर जास्त झाली. आळशी म्हणतो, एक झोप जास्त झाली. पण रमजानात लांबलेला दिवस म्हणजे लांबलेली तहान. एका घराला सबुरी दिली, की सगळ्या मोहल्ल्यानं तेवढं जास्त कोरडं राहायचं. म्हणून जमातीचा जुना नियम होता: रोज्यात दाराला हात नाही.

सी अमोर, जमातीचा अमीन म्हणजे म्होरक्या, खजुरीच्या पानाचा पंखा हलवत ओट्यापर्यंत आला आणि रिदाचं सगळं ऐकून घेतलं. तो अवजड माणूस. बसला की उठायला दोघं लागत.

“नियम कुणासाठी केला होता?” तो म्हणाला. “मोहल्ल्याचे हाल होऊ नयेत म्हणून. मग मोहल्ल्यालाच विचारू या.”

“आणि दार कोण धरणार?” तिजानीनं विचारलं. “माझीच मुलगी आहे. स्वतःच्या घरच्या खाचेला पाटकऱ्यानं हात लावायचा नसतो.”

“वरच्या दाराचा बशीर आहे. टायफॉइडमधून उठलाय. काल त्याला मी मीठ दिलं, म्हणाला, साखर छान आहे. त्याच्या जिभेवर सोडू तुझी पोरगी?”

तिजानीनं नकारार्थी मान हलवली.

“मग तूच धर. मी शेजारी बसतो. हात तुझा, डोळा माझा.”

मोहल्ल्याची संमती घ्यायची पद्धत अशी, की घराघरातून एकानं यायचं आणि ओंडक्यावर हात ठेवायचा. ज्याला द्यायची नाही त्यानं यायचं नाही, आणि का नाही ते कुणी विचारायचं नाही. कोण आलं नाही हे पाटकऱ्याला कळू नये म्हणून त्यानं पाठ करून उभं राहायचं. मोजणारा अमीन.

तिजानी पाठ करून उभा राहिला. समोर फक्त वसीलाच्या घराचं दार दिसत होतं, निळा पडदा, आणि त्यामागून येणारा तिचा आवाज. मागं चपलांचे आवाज येत होते. कुणी खाकरलं. कुणीतरी बाई पुटपुटली, “लल्ला हनियाला सांगा, मेथ्या भिजवून ठेवल्यात.” आता आवाज थांबले असं वाटायचं, तोच आणखी एक यायचा. मग काठी वाजली आणि पाठोपाठ ओळखीचा खोकला.

“खमीस,” तिजानी पाठमोराच म्हणाला, “तू घरी जा.”

“पाटकऱ्यानं बोलायचं नसतं. पाठ कर.”

“पाठच आहे.”

“मग तोंडही तिकडंच राहू दे.”

खमीस टोपल्या विणायचा. त्याची मूत्रपिंडं निकामी होत चालली होती. रोजा धरू नको म्हणून डॉक्टरांनी बजावलं होतं, इमामानं घरी येऊन समजावलं होतं. खमीसनं दोघांनाही खजूर खाऊ घालून परत पाठवलं आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पुन्हा रोजा धरला. तिजानीच्या ओट्यावर तो रोज येऊन बसायचा. तिजानी वाचायचा आणि हा विणायचा, आणि दोघांनाही ते बोलण्यापेक्षा बरं वाटायचं.

ओंडक्यावर हात पडल्याचा आवाज आला. हलका, बोटांना काड्या टोचून झालेल्या गाठींचा.

“पुरेसे झाले,” सी अमोर म्हणाला. “फीर.”

बोळा केवढा बसवायचा हे पाटकरी नीरेवरून ठरवतात. पहाटे खजुरीवरून काढलेली नीरा मडक्यात भरून मोहल्ल्याच्या तोंडाशी टांगतात. वेळ जोरानं वाहू लागली की ती भराभर आंबते. पहिली चुणचुण जाणवली की थांबायचं. त्यापुढं माणसांच्या छातीला सोसत नाही. आणि खाच पूर्ण बुजवायची नाही, हे तर प्रत्येक पाटकऱ्याला शिकवायच्या आधी दम देऊन सांगतात. पूर्ण थांबलेल्या घरातून कुणी बाहेर आलेलं ऐकिवात नाही.

तिजानीनं पहिला बोळा बसवला. निळ्या पडद्याची फडफड मंदावली, जणू तो पाण्याखाली गेला. वसीलाचा आवाज खाली खाली उतरत गेला आणि जात्याच्या घरघरीसारखा झाला. रिदानं कानांवर हात ठेवले.

“तिला काही कळत नाहीये,” तिजानी म्हणाला. “तिच्यासाठी सगळं नेहमीसारखंच चाललंय.”

“माझ्यासाठी नाही ना,” रिदा म्हणाला.

मडकं आलं. तिजानीनं ते तोंडाशी नेलं आणि थांबला.

“मी गिळली तर रोजा मोडेल.”

“जीव वाचवायला मोडलेला चालतो,” सी अमोर म्हणाला. मग जरा विचार करून म्हणाला, “पण मोडायचा कशाला? बायका शोरबा रांधताना चाखतातच की. जिभेच्या टोकानं घ्यायचं आणि थुंकायचं. त्यानं मोडत नाही.”

तिजानीला हे पटलं. आज अल्लाकडं काही मागायचंच झालं तर ते रोजा शाबूत ठेवून मागावं, असंही त्याच्या मनात येऊन गेलं. त्यानं जीभ लावली, थुंकला, आणि म्हणाला, “गोड आहे.”

“मग जागा आहे अजून. दाब.”

त्यानं आणखी काथ्या दाबला.

दाराच्या ओट्यावरून मैदानातला रस्ता दिसतो. रस्त्याच्या पार टोकाला धुळीचा एक ठिपका उमटला होता. तीच गाडी. रिदानं ड्रायव्हरला फोन लावला, तर पलीकडून लांबलचक, खोल गुरगुर ऐकू आली, त्यातला एकही शब्द कळेना. गाडीची वेळ गाडीची होती, मोहल्ल्याची मोहल्ल्याची. त्यानं फोन खाली ठेवला आणि धुळीकडं बघत बसला. धूळ हलत नव्हती.

लोक गच्च्यांवर चढले होते. सगळे तिकडंच बघत होते. सूर्य हलत नव्हता. कुणी खाली जाऊन झोपलं, उठलं, पुन्हा वर आलं आणि विचारलं, “कुठवर आली?” उत्तर तेच. बायकांनी इफ्तारीचा स्वयंपाक उरकला, भांडी झाकली, आणि मग करायला काही उरलं नाही, म्हणून पुन्हा भांडी घासली.

तिजानीनं पुन्हा चाखली. गोड.

“अजून?” अमीननं विचारलं.

“गोड आहे, सी अमोर.”

“दाब मग.”

तिसऱ्यांदाही गोड. तोवर खाचेत बोळा एवढा मोठा झाला होता, की उजेडाची तिरीपही दिसत नव्हती. सी अमोर पंखा हलवायचा थांबला होता.

“एवढा बोळा मी आयुष्यात पाहिला नाही,” तो म्हणाला. “तुझी खात्री आहे ना?”

तिजानीला कशाचीच खात्री नसायची. पुस्तकातली ओळही तो तीनदा वाचायचा, आपण चुकीची वाचली असेल म्हणून. पण जीभ तर सांगत होती. आणि वसीलाच्या दारातला पडदा अर्धवट उचलला जाऊन हवेत थांबला होता. त्याखाली लल्ला हनियाचा हात दिसत होता, पातेलं बाहेर ठेवायला वाकलेला. तो हात खाली यायला एक जन्म लागणार होता. तिजानीला तो हात बघून बरं वाटत होतं. जोवर तो हात तसा आहे तोवर आत काही वाईट घडू शकत नाही.

आणि त्याच वेळी शल्बिया, खमीसची बायको, एका हातात पातेलं घेऊन चढण चढत आली. तिच्यामागं दोघं शेजारी खाटेवर खमीसला घेऊन येत होते.

“इथं सावली गार असते म्हणून आणलं,” ती म्हणाली. “पडला. उठवला तर म्हणतो, पडलो नाही, बसलो.” तिनं पातेलं अमीनपुढं ठेवलं. “आणि हा शोरबा. आता केलेला. सकाळी नाही, आता. आंबला.”

सी अमोरनं वास घेतला. “उन्हानं आंबला असेल.”

“मी काल लग्न होऊन नाही आले, सी अमोर. ऊन मला ठाऊक आहे.”

“जमात जिभेवर चालते, बाई. शोरब्यावर नाही.”

खमीसचे ओठ पांढरे पडले होते. हातावरची कातडी कागदासारखी चुरगळली होती. तिजानीनं त्याला काही विचारायच्या आत शल्बिया म्हणाली, “मी म्हणते, याला वसीलाच्या अंगणातच नेऊन टाकू. तिथं वेळ मंद आहे. याचा सूर्य लगेच मावळेल.”

खमीसनं डोळे उघडले. “बाळंतिणीच्या अंगणात जाऊन पडू? उद्या गावभर सांगतील, खमीसला मुलगी झाली.”

कुणीतरी हसलं आणि लगेच थांबलं, कारण खमीसला पुढं बोलता येईना.

तिजानी मडक्याकडं बघत होता. त्याच्या डोक्यात एक साधी गोष्ट हळूहळू येत होती, आणि ती येऊ नये असं त्याला वाटत होतं. इतकी वर्षं नीरा चाखताना त्यानं ती गिळली होती. दर वेळी. चुणचुण जिभेवर येते असं तो नव्या पाटकऱ्यांना शिकवायचा, पण ती खरोखर कुठं येते याकडं त्यानं कधी लक्षच दिलं नव्हतं, कारण गिळणं हे चाखण्याचाच भाग असतं. जिभेच्या टोकाला सगळंच गोड लागतं. सकाळपासून पाण्याचा थेंब न शिवलेल्या जिभेला तर जास्तच. चुणचुण घशात येते.

त्यानं मडकं उचललं आणि एक मोठा घोट घेतला, आणि गिळला. घसा पोळला. डोळ्यांतून पाणी आलं. ही नीरा नव्हती, आंबून झालेला शिरका होता.

“काय करतोयस?” सी अमोर म्हणाला. “मोडलास?”

“मोडला.”

“कशी आहे मग?”

तिजानी उत्तर द्यायचा थांबला. अमीनला कळणार नव्हतं. बशीरला कळणार नव्हतं. शोरब्यावर कुणी विश्वास ठेवणार नव्हतं. गोड आहे असं म्हटलं असतं तर हनियाचा हात तसाच हवेत राहिला असता, आणि धुळीचा तो ठिपका हळूहळू, हळूहळू या बाजूला सरकला असता. एक शब्द. तोही नवा नाही, तीनदा म्हटलेलाच. त्याला खमीसकडं बघवेना. वसीलाच्या दाराकडं बघवेना. त्यानं ओंडक्याकडं पाहिलं, तिथं मघाच्या हातांचे घामट डाग वाळून पांढरे झाले होते.

“आंबली आहे,” तो म्हणाला. “केव्हाची. माझी चूक झाली. मी गिळायला हवी होती.”

मग सी अमोरनं विचारलं, “किती काढायचा?”

“अर्धा तरी.”

“अर्धा काढला तर गाडी…”

“मला कळतं.”

“काढ मग.”

“तुम्ही काढा, सी अमोर.”

“मी काढला तर तू मला कधी माफ करणार नाहीस. तू काढलास तर स्वतःला करणार नाहीस. त्यातलं दुसरं जमातीला परवडेल.” त्याचा आवाज टोचणारा होता, पण त्यानं तिजानीच्या पाठीवर हात ठेवला आणि तो काढून घेतला नाही.

तिजानीनं बोळ्यात बोटं खुपसली आणि काथ्या ओढायला सुरुवात केली. पहिली मूठ निघाली. पडदा सुटला. हनियाचा हात खाली आला आणि पातेलं जमिनीवर टेकलं. घरघर वर चढून कण्हण्यासारखी झाली.

रिदानं त्याचं मनगट पकडलं. “काय करताय तुम्ही?”

“सोड.”

“गाडी अजून टेकडीशीही आली नाही. बघा तिकडं. बघा ना.”

“मोहल्ल्यावर फार जोर पडतोय, रिदा. हा माणूस मरेल.”

“तो पाणी पिऊ शकतो,” रिदा म्हणाला. तो ओरडला नाही, आणि म्हणून ते सगळ्यांना ऐकू गेलं. “सगळेच पिऊ शकतात. अल्लानं त्यांना परवानगी दिलीय. वसीला काय करू शकते? तिनं काय प्यायचं, म्हणजे ते मूल सरळ होईल?”

तिजानीच्या हातात काथ्याची दुसरी मूठ होती. ती त्याला ओढताही येईना आणि सोडताही येईना. खाटेजवळ शल्बिया नवऱ्याचं तोंड पदरानं पुसत होती. तिनं मान वर केली नाही.

मग खमीस म्हणाला, “जावई तोंडाळ आहे तुझा.”

“आहे,” तिजानी म्हणाला.

“खरंही बोलतो. ते आणखी वाईट.” त्यानं हात पुढं केला. “शल्बिया, मडकं दे. नीरेचं नको, ते या पाटकऱ्यानं नासवलंय. पाण्याचं दे.”

शल्बियानं त्याच्याकडं पाहिलं. “खरंच?”

“तुझ्या आईच्या मयतीलाही मोडला नव्हता. लवकर दे, नाहीतर विचार बदलेल.”

तो प्यायला. पाणी हनुवटीवरून मानेवर गेलं. त्यानं ते पुसलं नाही. गच्च्यांवरचे लोक बघत होते. एका गच्चीवरून कुणीतरी खाली उतरलं आणि पाण्याच्या रांजणाचं झाकण वाजलं. मग दुसऱ्या घरातून. काही नाही प्यायले. विणकराच्या बायकोनं आपल्या म्हाताऱ्या आईला हाताला धरून वरच्या मोहल्ल्याकडं नेलं आणि जाताजाता म्हणाली, “तुमची पोरगी आहे म्हणून सगळ्यांची छाती फोडू नका, सी तिजानी.” तिचंही खोटं नव्हतं.

“तहानेचं भागलं,” सी अमोर म्हणाला, “पण छातीचं राहिलंच. पाण्यानं जोर कमी होत नाही.”

“एक मूठ काढलीय. दुसरी राहू देऊ?”

“चाखून सांग. गिळून.”

ताजी नीरा वरच्या मोहल्ल्यातून आणावी लागली. ती टांगली, वाट पाहिली, गिळली. चुणचुण होती, पण पहिलीच. तिजानीनं दुसरी मूठ तशीच ठेवली. यापेक्षा जास्त देता येत नव्हतं आणि कमी करायला हात धजत नव्हता. दोन्हीकडून अपुरं असलेल्या त्या बोळ्यावर हात ठेवून तो उभा राहिला.

आता धूळ हलत होती. हलत होती हे दिसत होतं, आणि ते न हलण्यापेक्षा वाईट होतं. घरातलं कण्हणं थांबायचं, आणि थांबलं की रिदा तिजानीकडं बघायचा, आणि तिजानी पडद्याकडं. मग पुन्हा सुरू व्हायचं. खाटेवर खमीसला झोप लागली. शल्बिया त्याच्या नाकापाशी हात धरून बसली होती.

गाडी टेकडीला वळसा घालून खालच्या वाटेनं आली. पांढरी, धुळीनं मातकट झालेली. मोहल्ल्याच्या वेळेत ती बैलगाडीच्या चालीनं येत होती. चाकाचा एक एक फेर दिसत होता. चालवणारा पुढं वाकला होता. लोक खाली उतरून दगड बाजूला करायला धावले, आणि करून झाल्यावर परत येऊन उभे राहिले, तरी गाडी वाटेतच. शेवटी ती ओंडक्याच्या हद्दीत शिरली, आणि एकदम तिला आवाज आला, वेग आला. डॉक्टरीण दार उघडं टाकून उतरली. तरुण बाई, डोक्यावरचा रुमाल मागं घसरलेला.

“कुठलं घर?”

सगळ्यांनी एकदम हात केले.

ती पडद्याआड गेली आणि तिजानीनं बोळा पूर्ण ओढून काढला. बोळा हातात आला तेव्हा वसीलाची किंकाळी पूर्ण, स्वच्छ, माणसाची म्हणून बाहेर आली. ओट्यावरच्या बायकांनी डोळे मिटले.

त्यानंतर कुणाच्या हातात काहीच नव्हतं. सगळ्या खाचांतून सारखी वेळ पडत होती. सूर्य खाली उतरला, मशिदीतून बांग झाली, आणि लोकांनी उभ्या उभ्याच खजूर तोंडात टाकले. तिजानीला कुणीतरी खजूर दिला. तो त्याच्या मुठीतच राहिला. घरात पावलं धावत होती. डॉक्टरीण काहीतरी मोठ्यानं मागत होती आणि हनिया “आहे, आहे, घे” म्हणत होती.

मग मूल रडलं. बारीक, चिडलेलं, मधेच तुटणारं.

शल्बियानं खमीसला हलवलं. “ऐकलंस?”

“झोपू दे,” खमीस म्हणाला.

पण डॉक्टरीण बाहेर आली ती हसत नव्हती. तिचे हात कोपरापर्यंत लाल होते. “मुलगी आहे, चांगली आहे,” ती म्हणाली. “आईचं रक्त थांबत नाहीये. मी काय करायचं ते केलंय, पण तिला रक्त चढवायला हवं. आत्ता न्यायचं.”

“आम्ही पुन्हा बोळा…” रिदा म्हणाला.

“घराला बसवाल. रस्त्याला कसा बसवणार?” सी अमोर म्हणाला.

वसीलाला चादरीत घालून गाडीत आडवी ठेवली. रिदा मुलीला छातीशी धरून पुढं बसला. हनियानं मुलीला त्याच्या सदऱ्यातच गुंडाळून गाठ मारली. तिजानी मागं, वसीलाच्या डोक्याशी. डॉक्टरीण पायाशी बसून दोन्ही हातांनी पोट दाबत होती. गाडी मोहल्ल्याची हद्द ओलांडून बाहेर पडली. इथून पुढं कुठलीच खाच नव्हती.

“तिच्याशी बोलत राहा,” डॉक्टरीण म्हणाली. “झोपू देऊ नका.”

“काय बोलू?”

“काहीही. तिला उत्तर द्यायला लावा.”

तिजानीनं मुलीच्या तोंडाकडं पाहिलं. तिची आई गेल्यापासून त्या घरात दोघं एका ताटात जेवायची आणि न बोलताच उठायची. तिला त्याचं वाईट वाटायचं नाही, असं तो समजत आला होता. कधी विचारलं नव्हतं.

“वसीला,” तो म्हणाला.

तिच्या पापण्या हलल्या.

“बाहेर मीठ आहे. सगळं पांढरं. उजेड जातोय, पण मीठ अजून दिसतंय.” हे फारच कमी वाटलं. “उजव्या बाजूला एक मोडकी बस पडलीय. तू लहान असताना ती नव्हती. नव्हती ना?”

“नव्हती,” ती म्हणाली. ओठ हलले म्हणूनच कळलं.

“तिच्यावर कुणीतरी काहीतरी लिहिलंय. वाचता येत नाही. माझा चष्मा ओट्यावरच राहिला. पुस्तकही राहिलं. खमीस बघेल. खमीसनं आज रोजा मोडला, तुला सांगतो, सगळ्यांच्या देखत. मीही मोडला. मी आधी मोडला.”

तिचे डोळे मिटत होते. डॉक्टरीण म्हणाली, “थांबू नका.”

“वसीला. पोरी. मुलीचं नाव काय ठेवायचं? तुझ्या आईचं ठेवू या, की ते जुनाट वाटतं? खरं सांग. मला राग नाही येणार. तुझ्या आईलाही ते आवडत नव्हतं, तिनं मला लग्नानंतर सांगितलं होतं. हे मी तुला सांगितलं होतं का? नव्हतं सांगितलं. एकदा आम्ही दोघं याच रस्त्यानं चाललो होतो, गाढवावर, आणि ती म्हणाली…” त्याला ते आठवेना. म्हणून त्यानं जे सुचलं ते जोडून दिलं, आणि पुढं आणखी, आणि त्यापुढंही. गाढवाचं काय झालं, वाटेत कोण भेटलं, तिनं त्याला काय काय ऐकवलं. त्याच्या घशाला शिरक्यानं आग लागली होती, आवाज फाटत होता, तो थांबला नाही. ड्रायव्हरनं एकदा आरशातून मागं बघितलं. पुढच्या सीटवर मुलगी रडायला लागली आणि रिदा तिला काहीतरी पुटपुटत राहिला.

तिजानीनं वसीलाचा हात धरला होता. तो गार होता. त्यानं गाढवाचं सांगून संपवलं आणि आता वरच्या दाराच्या बशीरची गोष्ट सुरू केली, त्यानं मिठाला साखर म्हटल्याची. सांगताना मधेच तो तिला विचारायचा, “ऐकतेयस ना?” आणि उत्तर येईपर्यंत त्याला श्वास घेता यायचा नाही.

समोर दूर एक दिवा दिसला, मग त्याच्या बाजूला आणखी काही.

“ऐकतेयस ना?”

उत्तर आलं नाही. तिजानीनं डॉक्टरणीकडं पाहिलं. ती वाकून नाडी बघत होती.

“वसीला,” तो मोठ्यानं म्हणाला. इतक्या मोठ्यानं तो आयुष्यात कधी बोलला नव्हता. “ऐकतेयस का?”

“ऐकतेय, बाबा,” ती म्हणाली. मग बऱ्याच वेळानं, डोळे न उघडता, “पण बशीरचं पुन्हा नको. गाढवाचं सांगा.”

त्यानं गाढवाचं पहिल्यापासून सांगायला घेतलं.